उसनी वर्दी

15 जानेवारी 2023 रोजी लष्कर दिनाचं संचलन प्रथमच दिल्लीबाहेर, बेंगळुरूत, मद्रास इंजिनिअर ग्रुपच्या मैदानावर झालं. 1809 पासून छावणी वसलेल्या आणि पॅराशूट रेजिमेंटचं प्रशिक्षण केंद्र असलेल्या या शहराला वर्दी नवी नाही. ठिपकेदार हिरवी पँट घालून भाजी आणायला निघालेला माणूसही तिथे कुणाला खटकत नाही. मग कायदा नेमकं काय राखतो? वर्दीचं पावित्र्य कापडात आहे, की ती घालणाऱ्याने घेतलेल्या शपथेत? प्रश्न वकिलांचा वाटतो, पण भगव्या वस्त्राच्या निमित्ताने आपल्याकडे तो फार पूर्वीच विचारला गेला आहे.

रावण भिक्षूच्या वेषात आला आणि सीतेने त्याला अतिथी मानलं. त्याने तिला पळवलं, त्याआधी एक चोरी केली होती: पिढ्यान्‌पिढ्यांच्या खऱ्या विरक्तांनी त्या वस्त्रापाठी जमा केलेला विश्वास त्याने उचलला. तरीही सीताहरणानंतर भगवं नेसण्यावर कुणी बंदी घातली नाही. दोष रावणाच्या पदरात पडला, वस्त्राच्या नाही. सभापर्वात कृष्ण, भीम आणि अर्जुन स्नातक ब्राह्मणांच्या वेषात जरासंधाकडे जातात. दंडांवरचे धनुष्याच्या दोरीचे घट्टे पाहून त्याला शंका येते, तो विचारतो, आणि कृष्ण आपण कोण ते सांगून टाकतो. सोंग तेच, पण विचारल्यावर खरं सांगितलं गेलं. वेषाचा न्याय करताना आपली परंपरा कापडाकडे कमी आणि हेतूकडे जास्त पाहते.

आपला फौजदारी कायदाही याच वाटेने गेला. जुन्या दंडसंहितेचं कलम 140 आता भारतीय न्याय संहितेत कलम 168 झालं आहे. सैनिक नसताना तसा वेष घालणं एवढ्यानेच गुन्हा होत नाही. लोकांनी आपल्याला सैनिक समजावं हा उद्देश लागतो. शिक्षा तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. लोकसेवकाच्या वेषाचं कलम 205 याहून कडक आहे: लोक फसण्याचा संभव आहे हे ठाऊक असणंही तिथे पुरतं. तरीही दारात पोलिसाच्या वेषात येऊन अटकेची धमकी देणारा आणि लगेच पदर पसरणारा आपला बहुरूपी गुन्हेगार ठरत नाही. आपल्यावर विश्वास बसावा ही त्याची इच्छाच नसते. ओळखलं गेलं तरच त्याचं पोट भरतं. (सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं येत नाही, हे त्याच्याइतकं कुणाला कळणार!)

यावर आक्षेप येतो आणि तो हलका नाही. जानेवारी 2016 मध्ये पठाणकोटच्या हवाई तळावर आलेले हल्लेखोर लष्करी वेषात होते. त्यानंतर लष्कराने नागरिकांना तसे कपडे घालू नका आणि दुकानदारांना विकू नका, असं आवाहन केलं. हेतू पोटात दडलेला असतो, तो कळेपर्यंत माणसं मेलेली असतात. मग कापडच का बंद करू नये? काही कॅरिबियन देशांनी नागरिकांना असं कापड वापरायला मनाई केली आहेच. पण सरसकट बंदीचा फटका भाजी आणणाऱ्याला बसेल, मरायला निघालेल्याला तीन महिन्यांच्या कैदेची भीती ती काय! खरी गाठ दुकानात आहे. विक्रेत्याला कुणाला फसवायचं नसतं, त्याला फक्त गिऱ्हाईक हवं असतं. पण बिल्ल्यापट्ट्यांसकट पुरी वर्दी मागणाऱ्याला ‘ओळखपत्र दाखवा’ न म्हणणं हा निरागसपणा नव्हे. घालणाऱ्याचा दोष हेतूत, विकणाऱ्याचा न विचारण्यात. जरासंधाने निदान विचारलं होतं.

दुसरा आक्षेप श्रद्धेचा आहे: वर्दीचा अवमान होतो, म्हणून ती कुणी घालूच नये. इथे मी थांबतो. अमेरिकेत नटाला वर्दी घालायची मुभा होती, पण सैन्याची बदनामी होणार नसेल तरच. व्हिएतनाम युद्धाविरुद्ध पथनाट्य करणाऱ्या एका निदर्शकाला त्यावरून शिक्षा झाली, आणि 1970 मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ती अटच रद्द केली. न्यायालयाचं बरोबर होतं. स्तुतीला वर्दी चालते आणि टीकेला चालत नाही, असं म्हटलं की फसवणुकीचा मुद्दा संपतो आणि मूर्तिपूजा सुरू होते.

कलम 168 मध्ये विकणाऱ्याचा उल्लेख नाही. त्याच्यासाठी कुठे कुठे जिल्हा दंडाधिकाऱ्यांचे तात्पुरते मनाई आदेश निघतात, तेवढेच. 2022 साली दाखवलेल्या नव्या लढाऊ गणवेशाच्या नक्षीची लष्कराने डिझाइन म्हणून नोंदणी केली, तेव्हा कुठे नक्कल करून विकणाऱ्याला कोर्टात खेचायची सोय झाली. म्हणजे ज्या वस्त्राला आपण पवित्र म्हणतो, त्याला संरक्षण मिळालं ते चादरीच्या नक्षीला मिळतं त्याच कायद्याने, आणि ते फार तर 15 वर्षं टिकतं.