पोस्त

तुर्भ्यातल्या एका सोसायटीच्या फलकावर सेक्रेटरींनी कात्रण लावलं होतं: स्वच्छ सर्वेक्षण २०२३, नवी मुंबई देशात तिसरी. खाली मार्करने लिहिलं, 'यात आपल्या सोसायटीचाही वाटा!' वाटा होताच. रोज सकाळी तो घंटागाडीत पडायचा. तुर्भेकरांना हे वेगळं सांगायला नको. शहराचा कचरा इथल्याच क्षेपणभूमीवर येतो, आणि वारा फिरला की तो कुठल्या सेक्टरचा हे नाकाला कळत नाही.

गाडीवर एक मावशी होती, कंत्राटी. ओला-सुका एकत्र आला की हात घालून निवडायची. धनत्रयोदशीला सेक्रेटरींनी पाचशेची नोट पुढे केली. "मावशी, ही घे तुझी पोस्त."

मावशीने हातमोजा काढला. अंगठ्याच्या मुळाशी चिकटपट्टी होती. "पैसे नंतर, साहेब. आधी सुया वेगळ्या द्या."

"कसल्या सुया?"

"इवल्याशा असतात. टोपण निघालेलं असतं. दुधाच्या पिशवीत कोंबून येतात, मोज्यातून आरपार जातात. मागं एकदा टोचली, तर रक्त तपासायला खेपा घालाव्या लागल्या. खेप म्हणजे खाडा. घरी अजून सांगितलेलं नाही."

सेक्रेटरी मधुमेही. सोसायटीत आणखी चार-पाच जण इन्सुलिन घेतात. त्या चार-पाच जणांची त्यांना त्या क्षणी फार आठवण झाली.

"अगं, पण सणाचं घे तरी!"

"पोस्त वर्षातून एकदा, साहेब. सुई रोज."

२०१६च्या घनकचरा नियमांनुसार वापरलेल्या सुया घरगुती घातक कचऱ्यात मोडायच्या, आणि तो वेगळा काढून देणं हे घरातल्यांचं काम होतं, गाडीवरच्या बाईचं नव्हे. हा नियम सेक्रेटरींनी स्वतःच फलकावर डकवला होता. आता त्याच्यावर कात्रण होतं.

पाडव्याला ते जाड प्लॅस्टिकची बरणी घेऊन खाली उतरले. वर मोठ्या अक्षरांत 'सुया'. मावशीने बरणी हलवून पाहिली.

"झाकणाला चिकटपट्टी मारा. गाडीत उलटते."

ते पुन्हा चार जिने चढले, पट्टी मारून आले. तोवर तिसऱ्या मजल्यावरच्या आजीही डबी घेऊन उभ्या होत्या. सेक्रेटरींनी खिशातून पाकीट काढलं.

"मावशी, तुमची पोस्त. त्या दिवशी नको म्हणालात..."

"नको कधी म्हटलं? नंतर म्हटलं होतं," मावशीने पाकीट कनवटीला लावलं आणि आजींची डबी हातात घेतली.