आचंद्रार्क कराराचा अधिकार कोणाला?

एखाद्या अद्भुतकथेत असा तहनामा सहज शोभेल: अमुक राजघराण्याला ही भूमी बहाल केली आहे, आणि भूमीबरोबर काळावर चालणारी जादूही. मूळ पुरुष एकदा मोहोर उमटवतो आणि त्या भूमीवर पुढे जन्माला येणारे प्रत्येक मूल त्या मोहोरेला बांधले जाते. वाचक याला कल्पनाविलास समजेल. मला मात्र त्यात कल्पनेचा अंश फार थोडा दिसतो. जमीन ‘कायमची’ देणारा प्रत्येक दस्तऐवज अजून न जन्मलेल्यांच्या काळावरही हक्क सांगत असतो. असे दस्तऐवज आपल्याकडे दगडावर कोरलेले आहेत.

कोकणात शिलाहारांच्या काळापासून उभारलेले गद्धेगाळ पाहा. माथ्यावर सूर्य-चंद्र, मधे दानलेख आणि तळाशी गाढव व स्त्री. दान किती काळ चालायचे ते सूर्य-चंद्र सांगतात. ते मोडणाऱ्याच्या आईवर काय ओढवेल ते तळाचे शिल्प सांगते. ताम्रपटांची भाषा संस्कृत आणि भारदस्त, पण हेतू तोच. दिलेली भूमी हिरावणारा साठ हजार वर्षे विष्ठेतला किडा होऊन राहील, असा शाप कितीतरी ताम्रपटांच्या अखेरीस येतो. आपल्या मरणानंतर आपली फौज या जमिनीवर पहारा देणार नाही, हे राजाला ठाऊक असते. फौज जिथे पोहोचत नाही तिथे तो शाप पाठवतो. आणि गद्धेगाळावरच्या शापाची शिक्षा कोणाला? दान देताना किंवा मोडताना जिला कोणी विचारलेही नाही, त्या स्त्रीला. करारात ज्याचा आवाज नाही त्याच्यावर कराराचा भार टाकायचा, ही या जादूची खरी रीत आहे.

शापाहून पक्की साखळी वतनाची होती. महार वतनात जमिनीचा तुकडा आणि बलुते मिळे. बदल्यात सरकारची आणि गावाची वेळीअवेळी चाकरी. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात १८७४च्या वंशपरंपरागत वतनांच्या कायद्यात दुरुस्ती सुचवणारे विधेयक आणले. त्यांचे बोट नेमक्या जागी होते: वतनदाराला दिवसा-रात्री केव्हाही बोलावता येते आणि तो घरी नसेल तर घरातल्या दुसऱ्या माणसाला जावे लागते. म्हणजे पणजोबाच्या वाट्याला आलेल्या जमिनीची किंमत पणतू स्वतःच्या दिवसांनी चुकवत राहतो. जमीन एकदाच मिळाली, वेळ मात्र पिढ्यान्पिढ्या घेतला गेला. ते विधेयक मंजूर झाले नाही. कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणारा कायदा १९५८ साली आला, तेव्हा बाबासाहेब हयात नव्हते.

‘वंशपरंपरेने’ हा शब्द राजघराण्यांना तरी तारतो का? १८१९ साली ईस्ट इंडिया कंपनीने तह करून साताऱ्याचे राज्य छत्रपती प्रतापसिंहांना आणि त्यांच्या वारसांना दिले. १८३९ साली प्रतापसिंहांना पदच्युत केले गेले. १८४८ साली त्यांचे बंधू शहाजी वारले, तेव्हा दत्तक नामंजूर करून कंपनीने राज्य खालसा केले. वारस कोणाला म्हणायचे हेच कंपनीने ठरवले. कायमपणाचा अर्थ बलवान पक्ष लावतो आणि दुर्बळ पक्षाच्या हाती कागद उरतो.

यावर एक वजनदार आक्षेप आहे. वचनाला मुदत घातली तर विश्वास कशावर ठेवायचा? दान घेणाऱ्या मठाला, मंदिराला, पाठशाळेला पुढच्या राजाच्या लहरीपासून वाचवायला शापाशिवाय दुसरे काय होते? कुळालाही शाश्वती हवीच असते. कुळकायद्याने १ एप्रिल १९५७ रोजी कसणाऱ्या कुळाला जमिनीचा मालक मानले गेले ते याच न्यायाने. आक्षेप खरा आहे, म्हणून दोन गोष्टी वेगळ्या ओळखल्या पाहिजेत. कसणाऱ्याला मिळालेली शाश्वती त्याच्या स्वतःच्या श्रमाचे रक्षण करते. वतनातली शाश्वती इतरांच्या श्रमावर, तेही त्यांच्या जन्माआधी, ताबा मिळवते. पहिली जपायची असते, दुसरी मोडायची असते.

खाजगी मालकाला ही मर्यादा कायद्याने पूर्वीच घातली आहे. १८८२च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे चौदावे कलम सांगते की, हस्तांतराच्या वेळी हयात असलेल्या व्यक्तींचे आयुष्य आणि त्यानंतर एका लाभार्थ्याचे अज्ञानपण, एवढ्या काळापलीकडे मालमत्ता अडकवून ठेवता येणार नाही. मेलेल्याच्या हाताने जिवंतांच्या जमिनीवर किती काळ राज्य करावे, याचे हे मोजके, शहाणे उत्तर आहे. मग राज्यसंस्थेने सार्वजनिक जमिनीबाबत याहून सैल का असावे? मुंबईत ९९९ वर्षांचे भाडेपट्टे आहेत. सूर्य-चंद्राच्या जागी आकडा आला, एवढाच काय तो फरक. उलट, ब्रिटनने १८९८ साली हाँगकाँगलगतचा प्रदेश ९९ वर्षांच्या पट्ट्याने घेतला; मुदत लिहिलेली होती म्हणूनच तो परत करण्याच्या वाटाघाटींना टाळता न येणारी तारीख मिळाली. तिथल्या रहिवाशांना त्या वाटाघाटींत स्थान नव्हते, हा त्या प्रकरणाचा मोठा दोष. पण मुदतच नसती तर प्रश्न टेबलावर आलाच नसता.

म्हणून आग्रह एवढाच आहे: बंदर, खाण, धरण, गायरान किंवा शहरातली सार्वजनिक जमीन देणाऱ्या प्रत्येक करारात एका पिढीच्या आत फेरविचाराचे कलम असावे, आणि त्या फेरविचारात तिथे राहणाऱ्यांना बोलण्याचा हक्क असावा. आपल्या गावातल्या जमिनीचा असा करार कुठे होत असेल, तर मोबदल्याचा आकडा विचारण्याआधी मुदतीचा आकडा विचारा.