मातीतला महिना

लहरीपुरा दरवाजापाशी शांतता मिळत नाही, आणि ती मागूही नये. जुन्या बडोद्याच्या कोटाचा हा पश्चिमेकडचा दरवाजा. आत मांडवीकडे लोटणारी गर्दी, बाहेर न्यायमंदिराच्या बाजूने येणारे हॉर्न. सगळं चालू राहू द्या. डोळे मिटा. लक्ष कानांवरून सावकाश तळपायांवर आणा. पायांखाली फरशी, फरशीखाली माती. त्या मातीत आज मनाने एक मडकं पुरायचं आहे.

मडकं मांडीवर घ्या. बोटांवर तूप घेऊन आतून लावा, तळापासून वर. भाजलेली माती पाझरते, तूप तिची छिद्रं बुजवतं. एखादी जागा सुटली तर रस तिथूनच झिरपेल, म्हणून बोट पुन्हा एकदा फिरवा. कुठेही पोचायचं नाही. तळ, कड, गळा. परत तळ.

आता मनुकांचा काढा. तो गरम असताना ओतू नका. वाफ जिरेपर्यंत त्याच्या शेजारी नुसते बसा. अरिष्टात, म्हणजे काढा आंबवून केलेल्या औषधात, ज्यांच्यावर सारी भिस्त आहे, ते जीव उकळत्या काढ्यात मरतील. ग्रंथात माप दिलेलं नसेल तेव्हा शार्ङ्गधरसंहितेचा नियम धरतात, जुन्या मापांत: एक द्रोण द्रवाला एक तुळा गूळ, गुळाच्या निम्मा मध, गुळाच्या दहाव्या हिश्शाएवढं औषधांचं चूर्ण. गूळ विरघळू द्या. शेवटी धायटीची वाळलेली फुलं टाका. सह्याद्रीच्या उतारांवर उन्हाळ्याच्या तोंडाशी फुलणारं हे लाल, नळीसारखं फूल. त्याच्या मधाबरोबर डोळ्यांना न दिसणारं किण्वही आत उतरतं. जुन्या वैद्यांकडे सूक्ष्मदर्शक नव्हता, तरी त्यांनी नेमकं हेच फूल निवडलं. या निवडीपुढे मला नेहमी हात जोडावेसे वाटतात.

मडकं काठोकाठ भरू नका, वर मोकळी जागा ठेवा. झाकण ठेवून सांध्यावर कापडमातीचे वेढे द्या. खड्ड्यात उतरवा आणि माती लोटा. धान्याच्या राशीत ठेवलं तरी चालतं. ऊब सारखी राहिली पाहिजे, दिवसाचं ऊन आणि रात्रीचा गारवा आत पोचता कामा नये.

आता तुमच्या हाताला काही काम उरलेलं नाही.

इथे थांबा. श्वास आत घ्या, बाहेर सोडा. तुम्ही आत्ता जो वायू सोडलात तोच या क्षणी मडक्यात बुडबुड्यांनी वर येतो आहे. किण्व गूळ खातं, मद्यार्क आणि कर्बवायू सोडतं. मडक्याला कान लावला तर बारीक सळसळ ऐकू येते. वैद्य पूर्वापार अशीच पारख करत आले आहेत. ती ऐकताना उघडून बघण्याची ओढ मनात उठेल. तिला दडपू नका. ती कुठे उठते ते पाहा: बोटांत की छातीत? उघडलं की बाहेरची हवा आत जाईल आणि अरिष्ट आंबट होऊन फुकट जाईल. ओढ राहू द्या, हात मांडीवरच राहू द्या. दहा श्वास असेच जाऊ द्या.

किमयेची वाटही याच आंबटपणातून गेली आहे. रसशास्त्रात पाऱ्याचे अठरा संस्कार सांगितले आहेत. त्यांतला पहिला स्वेदन: औषधांसह पारा कापडात बांधायचा, दोलायंत्रात अधांतरी टांगायचा आणि तीन दिवस कांजीत शिजवायचा. कांजी म्हणजे आंबवलेलं धान्याचं पाणी. सोन्याचा ध्यास घेतलेल्या रससिद्धांनाही पहिलं पाऊल टाकताना त्याचाच आधार घ्यावा लागला.

आता मनाने मडक्याच्या आत या. अंधार आहे. भिंतीवर हात फिरवा. द्राक्षं आंबतात तिथे मद्यार्क वाढतो तसा टार्टारिक आम्लाचा क्षार रसात विरघळलेला राहत नाही, भिंतीला खड्यांसारखा धरतो. युरोपातल्या तळघरांत वाइनच्या पिंपांना असे स्फटिकांचे थर बसत. १८४८ मध्ये पंचविशीतल्या लुई पाश्चरने याच आम्लाच्या एका क्षाराचे बारीक स्फटिक सूक्ष्मदर्शकाखाली एकेक वेचून वेगळे केले. एक ढीग दुसऱ्याचं आरशातलं प्रतिबिंब होता. पुढे त्याला दिसलं की एक बुरशी त्यांतला एकच प्रकार खाते आणि दुसरा तसाच ठेवते. स्फटिकांकडून तो असा सजीवांकडे वळला, आणि आंबणं हे जिवंत पेशींचं काम आहे हे त्याने दाखवून दिलं.

ती बुरशी पेनिसिलियम प्रजातीतली होती. हे नाव बडोद्याला परकं नाही. कलाभवन या तंत्रशाळेचे पहिले प्राचार्य त्रिभुवनदास गज्जर, कोटिभास्कर आणि भाईलाल अमीन यांनी १९०७ मध्ये इथे कारखाना काढला, टिंक्चर आणि मद्यार्क करायला सुरुवात केली, आणि नाव घेतलं अलेम्बिक, किमयागारांच्या ऊर्ध्वपातनाच्या भांड्याचं. १९६१ मध्ये याच कारखान्यात पेनिसिलीनचं उत्पादन सुरू झालं. तिथेही बुरशी बंद टाकीत, माणसाच्या नजरेआड वाढायची. माणसाने ऊब सांभाळायची, हवा गाळून द्यायची, परका जंतू आत येऊ द्यायचा नाही. गुणकारी द्रव्य तीच घडवायची. मडक्यापासून पोलादी टाकीपर्यंत माणसाच्या वाट्याला आलेलं काम फारसं बदललेलं नाही, आणि हे लहान काम नव्हे.

महिना झाला असं समजा. माती बाजूला करा, कापडमाती सोडवा, पेटती काडी मडक्याच्या तोंडाशी न्या. विझली तर कर्बवायू अजून निघतो आहे. झाकण लावा आणि आणखी काही दिवस द्या. जळत राहिली तर गाळायला घ्या. गाळलेलं लगेच वापरू नका, गाळ पुन्हा तळाशी बसू द्या. अरिष्टं मुरतील तशी गुणाला चढतात. आत आपोआप तयार झालेला मद्यार्क बारा टक्क्यांच्या आत असावा लागतो. वैद्याने सांगितलेली मात्रा जेवणानंतर घ्यायची, तेवढंच पाणी घालून.