लीळांच्या वाटेनं

तीर्थपुरीच्या दक्षिणेला गोदावरी आहे. जालना जिल्हा तिथं संपतो, पलीकडे बीड. काठाकाठानं प्रवाहाच्या उलट दिशेनं चालत राहिलं की पैठण येतं. ही चाल सुमारे साडेसातशे वर्षांपूर्वी काही माणसांनी एका निराळ्याच कारणासाठी चालली होती. ती चाल म्हणजेच त्यांची साधना.

मराठवाड्याला गोष्टी घेऊन हिंडणारे नवे नाहीत. पहाटे वासुदेव येतो, गोंधळी येतात, बहुरूपी येतो. हे सगळे गोष्ट आपल्या दारात आणतात. आपण ओसरीवर बसून ऐकतो आणि पसाभर धान्य घालतो. याच घनसावंगी तालुक्यातल्या जांब गावी 1608 साली जन्मलेले समर्थ रामदास टाकळीच्या तपानंतर बारा वर्षं देशभर हिंडले, असं परंपरा सांगते. त्यांच्या भ्रमंतीचा रोख माणसं जोडण्यावर होता. महानुभाव पंथाच्या लोकांचं हिंडणं या दोन्हींहून वेगळं. गोष्ट जिथं घडली तिथं ते स्वतः जातात.

तेराव्या शतकात या पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी गावोगाव फिरले. त्यांच्या जाण्यानंतर शिष्य नागदेवाचार्यांभोवती रिद्धपूरला जमले आणि त्यांच्यातल्या म्हाइंभटांनी आठवणी गोळा करायला घेतल्या. ज्यांनी पाहिलं-ऐकलं होतं त्यांना गाठायचं, विचारायचं, लिहून घ्यायचं. सुमारे 1278 साली सिद्ध झालेलं 'लीळाचरित्र' असं पायी जमवलेलं पुस्तक आहे, आणि त्याची बांधणीही बरीचशी प्रवासाची आहे. स्वामी या गावाहून त्या गावी गेले, वाटेत अमुक भेटला, देवळात उतरले, अमक्यानं प्रश्न विचारला. पुढे खिलजीच्या काळातल्या धामधुमीत मूळ पोथी हरवली. तेव्हा पंथातल्या हिराइसा आणि इतरांच्या स्मरणातून ती पुन्हा उभी केली गेली. आठवणी जुळल्या नाहीत तिथं पाठभेद तसेच राहू दिले, ज्याच्या आठवणीचा जो पाठ त्याला त्याचं नाव दिलं. हा प्रामाणिकपणा मला त्या पंथाच्या तत्त्वज्ञानाइतकाच मोलाचा वाटतो.

पण गोष्ट नुसती पोथीत राहिली तर ती पुन्हा हरवू शकते. म्हणून दुसरी पोथी झाली, 'स्थानपोथी'. तिच्यात प्रसंग फारसे नाहीत, जागा आहेत. देऊळ कोणत्या दिशेला तोंड करून, स्वामींचं आसन कुठल्या खांबाजवळ, भोजन कुठं, फेरफटका कुठवर. दीर्घ मुक्कामाच्या जागेला 'अवस्थान', रात्रीच्या मुक्कामाला 'वसतिस्थान', जेवणाच्या जागेला 'आरोगणा'. लघुशंकेच्या जागाही तिनं नोंदवल्या आहेत. वाचणारा इथं थबकतो, क्वचित हसतोही. पण नीट विचार केला तर पंथाचा आशय इथंच उघडतो. चमत्कार झाला म्हणून जागा पवित्र, असं इथं गणित नाही. परमेश्वर माणसासारखा वावरला, तर त्याचं उठणं-बसणं हीच लीळा, आणि लीळा जिथं झाली ती माती हाच तिचा पुरावा. अशा जागांवर पुढे ओटे बांधले गेले. पुष्कळ ओट्यांवर मूर्ती नसते. तिथं पंथाचा संन्यासी, म्हणजे भिक्षुक, दंडवत घालतो, लीळा आठवतो आणि पुढे निघतो.

इथं एक पेच आहे. संन्याशानं कुठंही रुजू नये, भिक्षा मागावी, आज इथं उद्या तिथं असावं, ही स्वामींची शिकवण. त्यांनी सांगितलेल्या 'अटना'चा अर्थ तोच. मग ज्यानं जागेची ओढ सोडायची, तोच जागांना नमस्कार करत हिंडतो हे कसं? उत्तर स्मरणात आहे. जागा धरून बसायची नाही, ती आठवणीपुरती. पोचायचं, आठवायचं, सोडायचं. म्हणूनच वाट संपत नाही. पंथ पाच अवतार मानतो: श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चांगदेव राऊळ, गोविंदप्रभू आणि चक्रधर. भिक्षुक माहूरला जातो तेव्हा दत्तात्रेयांच्या कथेत, द्वारकेला जातो तेव्हा कृष्णाच्या आणि चांगदेव राऊळांच्याही, रिद्धपूरला गोविंदप्रभूंच्या अजब वेडेपणात, पैठणला चक्रधरांच्या संवादात. एका कथेतून निघून दुसरीत शिरायला त्याला पायच लागतात.

मग जिथं लीळा झालीच नाही तिथं काय? पंथ पंजाबात गेला, तिथं त्याला जयकृष्णी म्हणतात. स्वामींचा पाय लागलेला ओटा तिथं कुठून आणणार? तेव्हा ओट्याचा दगडच प्रवासाला निघाला. स्थानाशी संबंध आलेल्या पाषाणाचा तुकडा 'विशेष' म्हणून जपला जातो, त्याला नमस्कार केला जातो. माणसानं जागेकडे जायचं हा नियम त्यामुळे थोडा सैलावला, हे मान्य करावं लागेल. तसा तो मठ उभे राहिले तेव्हाही सैलावला होताच. आज वासनिक, म्हणजे पंथाचे गृहस्थ अनुयायी, जीपमधून एका दिवसात चार स्थानं करतात.

खरं नुकसान निराळंच झालं. सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांमध्ये पंथानं आपले ग्रंथ शतकानुशतकं झाकून ठेवले. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपी उलगडली, तोवर मराठीतलं हे पहिलं मोठं गद्य बाहेरच्या मराठी वाचकाला ठाऊकच नव्हतं. पंथाबद्दल गैरसमज पसरले त्याला हे झाकणंही कारणीभूत होतं.

आता दोन्ही पोथ्या छापील मिळतात. वि. भि. कोलते यांनी संपादलेलं लीळाचरित्र 1978 साली राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळानं काढलं, स्थानपोथीचंही त्यांनीच संपादन केलं आहे. गोदाकाठच्या वाचकांनी त्या शेजारी ठेवून वाचाव्यात. आपल्या ओळखीच्या शिवारातलं एखादं गाव त्यांत सापडलंच, तर तिथवर एकदा पायी जाऊन यावं.