जपावे काय, हे कोणी ठरवायचे?

दिवाळीपूर्वीची घराची साफसफाई हे वरवर पाहता केरसुणीचे काम वाटते. पण खरे पाहता ते निवाड्याचे काम आहे. वर्षभर जे आपण सांभाळले ते सांभाळण्याजोगे होते काय, याचा निकाल त्या दोन-तीन दिवसांत लागतो. माळ्यावरच्या वस्तू एकेक करून खाली येतात आणि घरातला कर्ता माणूस न्यायाधीशाच्या गांभीर्याने सांगत असतो : हे ठेवा, ते टाका. २०१९ सालच्या दिवाळीत मी असाच एक निकाल दिला. तो अन्यायाचा होता, हे मला पुष्कळ उशिरा कळले.

आमचा घरचा संगणक फार संथ झाला होता. सगळे पुसून विंडोज नव्याने बसवायची, असे मी ठरवले. मी निष्काळजी माणूस नाही. पुसण्याआधी जे महत्त्वाचे ते सगळे एका बाहेरच्या डिस्कवर उतरवून घेतले. बँकेचे कागद, घराचा करारनामा, छायाचित्रे, माझे लेख आणि लेखांचे खर्डेसुद्धा. यादी केली, एकेका ओळीवर खूण केली आणि मग निश्चिंत मनाने संगणक कोरा केला. संध्याकाळी शाळेतून आलेला माझा बारा वर्षांचा मुलगा संगणकासमोर बसला, थोडा वेळ काही शोधत राहिला आणि मग शांतपणे म्हणाला, “बाबा, माझा खेळ गेला.”

“पुन्हा बसवून घे की,” मी म्हटले.

“खेळ बसवता येईल. खेळलेलं गेलं.”

खेळ आणि खेळलेले यांतला फरक मला त्या दिवशी प्रथम कळला. मी काहीतरी बोलायचे म्हणून म्हटले, “अरे, जगात काहीच टिकत नाही. त्यातूनही शिकायचं असतं.” तो “खेळच तर होता,” असे म्हणून उठून गेला. रडला नाही. रडला असता तर मला बरे वाटले असते.

तो खेळ ‘स्टारड्यू व्हॅली’ या नावाचा. एरिक बॅरोन या एकट्या माणसाने तो तयार केला आणि २०१६ साली तो बाजारात आला. त्यात मारामारीपेक्षा शेतीच अधिक. शहरातल्या नोकरीला कंटाळलेल्या माणसाला आजोबांनी मृत्युशय्येवरून दिलेले पत्र सापडते आणि तो त्यांच्या पडीक शेतावर राहायला जातो. दगड वेचायचे, झाडे तोडायची, बी पेरायचे, पाणी घालायचे. तिथला एक दिवस आपल्या सुमारे चौदा मिनिटांत संपतो. अठ्ठावीस दिवसांचा एक ऋतू आणि चार ऋतूंचे वर्ष. आणि तिसऱ्या वर्षाच्या आरंभी आजोबा परत येतात. नातवाने शेताचे काय केले ते पाहतात आणि त्याच्या कामाप्रमाणे एकापासून चारपर्यंत ज्योती पेटतात. माझ्या मुलाचा दुसऱ्या वर्षाचा हिवाळा चालू होता. आजोबा यायला थोडेच दिवस उरले होते.

एवढे सगळे होते कुठे आणि माझ्या यादीतून सुटले कसे? विंडोजमध्ये प्रत्येक माणसाच्या नावाचे एक घर असते. त्यातल्या ‘डॉक्युमेंट्स’च्या दर्शनी दालनात मी गेलो होतो, काही खेळ आपला ठेवा तिथेच ‘माय गेम्स’ नावाच्या फोल्डरमध्ये ठेवतात. काहींसाठी ‘सेव्ह्ड गेम्स’ असे वेगळे दालनही असते. पण पुष्कळ खेळांचा ठेवा ‘अ‍ॅपडेटा’ नावाच्या माजघरात असतो आणि ते माजघर मुळातच झाकलेले असते. लपलेले फोल्डर दाखव, असे सांगितल्याखेरीज ते दिसत नाही. त्याच्या आत तीन खोल्या : ‘लोकल’, ‘लोकललो’ आणि ‘रोमिंग’. माझ्या मुलाचे शेत ‘रोमिंग’मध्ये, खेळाच्या नावाच्या फोल्डरात, ‘सेव्ह्ज’मध्ये होते. ज्यांनी ही रचना केली त्यांचा हेतू वाईट नव्हता. कार्यक्रमांच्या अंतर्गत वस्तूंना माणसाने उगाच हात लावू नये, एवढाच विचार त्यामागे असावा. आमच्या घरी तो खेळ दूरच्या कुठल्या साठ्याशी जोडलेलाही नव्हता. जे होते ते तिथेच होते आणि ते मी पुसले.

परंतु फोल्डर झाकलेला होता, ही माझी सबब होऊ शकत नाही. मुलगा झाकलेला नव्हता. तो शेजारच्या खोलीत अभ्यास करीत होता. “तुझे यात काही आहे का?” हे पाच शब्द मी उच्चारले असते, तर त्याने मला माजघराचा रस्ता दाखवला असता. मी विचारले नाही. कारण विचारण्याजोगे त्याच्याजवळ काही असेल, हेच माझ्या मनात आले नाही.

काही महिन्यांनी त्याच्या कपाटात मला चौकटीची एक वही सापडली. तिच्यात त्या शेताचा नकाशा होता. एकेक चौकोन रंगवलेला : इथे कोबी, इथे भोपळा, ओढ्याच्या काठाने फळझाडे. पानाच्या डोक्यावर नाव लिहिले होते, ‘थोरला मळा’. हे नाव त्याने कुठून आणले ते मला सांगावे लागणार नव्हते. आमच्या गावाकडच्या जमिनीचे ते नाव. माझे वडील गेल्यावर २०१६ साली मी ती विकली. विकणे योग्यच होते. कसायला कोणी उरले नव्हते. मुलाने तो मळा तीनच उन्हाळ्यांत पाहिला होता. मी ज्याचा व्यवहार करून मोकळा झालो, ते त्याने रोमन अक्षरांत त्या खेळात पुन्हा मांडले होते आणि आजोबांची वाट पाहत तो रोज रोपांना पाणी घालीत होता.

येथे कोणी म्हणेल, हे सगळे ठीक; पण ते शेत खोटेच ना? त्यातला भोपळा कोणाच्या ताटात पडत नाही. मान्य आहे. पण बुद्धिबळाच्या पटावरही कोणता राजा खरा मरत नसतो. तरी थोरांचे डाव आपण चाल-चालीने टिपून ठेवतो आणि शंभर वर्षांनी ते वाचतो. खोटी असते ती वस्तू. तिच्यासाठी दाखवलेला धीर, केलेली निवड, फसलेला बेत आणि पुन्हा केलेला बेत हे सारे खरेच असते. त्या मुलाची पन्नासेक तासांची एकाग्रता खरी होती. माझ्या लेखांचे खर्डे तरी कोणाच्या ताटात पडणार होते? तरी ते मी उतरवून घेतले होते.

दुसरा आक्षेप याहून वजनदार आहे आणि तो मीच त्या संध्याकाळी केला होता. जगात काही टिकत नाही. मग मुलांनी गमावायला शिकू नये काय? खेळाच्या इतिहासात या आक्षेपाला आधारही सापडतो. १९७८ सालच्या ‘स्पेस इन्व्हेडर्स’मध्ये मिळवलेला उच्चांक यंत्र बंद होताच पुसला जाई. १९८६ साली जपानात ‘ड्रॅगन क्वेस्ट’ आला, तेव्हा खेळ पुढे चालू ठेवण्यासाठी वीस अक्षरांचा एक मंत्र कागदावर उतरवून घ्यावा लागे. एक अक्षर चुकले की सारे श्रम वाया. ‘झेल्डा’च्या १९८७ सालच्या अमेरिकन काडतुसात एक लहानशी बॅटरी होती. ती जिवंत असेतो आठवण जिवंत. आणि १९८० च्या सुमारास कॅलिफोर्नियातल्या विद्यार्थ्यांनी ‘रोग’ नावाचा खेळ रचला. (नाव ऐकून दचकू नये, त्या इंग्रजी शब्दाचा अर्थ लबाड, भामटा असा आहे.) त्याने तर नियमच केला : थांबताना डाव साठवता येईल, पण तो पुन्हा उघडताच साठवलेली प्रत नाहीशी होईल. मेलात तर मेलात. अशा खेळात कोणी ती प्रत गुपचूप दुसरीकडे ठेवून पुन्हापुन्हा जिवंत होऊ लागला, तर तो जपणूक करीत नाही, लबाडी करतो. माझ्या मुलाच्या खेळातही हा मोह आहे. त्यात रात्री झोपल्याखेरीज दिवस हिशेबात धरला जात नाही. दिवस वाईट गेला तर न झोपताच खेळ बंद करावा; सकाळ पुन्हा कोरी मिळते.

म्हणजे फाइलची प्रत करणे हे एकच कृत्य एके ठिकाणी शहाणपण ठरते आणि दुसऱ्या ठिकाणी फसवणूक. फरक कशात आहे? पुष्कळ विचार केल्यावर मला वाटते की, तो मान्यतेत आहे. ‘रोग’ खेळणारा मरणाचा नियम पत्करून आत जातो. तिथले गमावणे त्याचे स्वतःचे असते, म्हणून त्यातून तो काही शिकतो. माझ्या मुलाने असा कोणताही नियम पत्करला नव्हता. पाऊस पडला नाही म्हणून त्याचे पीक गेले असते, त्याच्याच चुकीने गेले असते, तर तो धडा होता. त्याचे शेत माझ्या घाईने गेले. आणि वर मीच त्याला अनित्यतेचा उपदेश केला! जगात काही टिकत नाही हे सत्य आहे. पण ते ज्याचे गेले त्याने आपल्या समाधानासाठी म्हणावे, किंवा त्याच्या शेजारी बसून दुःख वाटून घेणाऱ्याने म्हणावे. ज्याच्या हातून गेले त्याने ते म्हणू नये. त्याच्या तोंडी ते तत्त्वज्ञान राहत नाही, पळवाट होते.

गेल्या वर्षी धाकट्या मुलीचा संगणक बदलायचा होता. या वेळी मी आधी तिला शेजारी बसवून घेतले. तिनेही तोच खेळ खेळलेला. आम्ही खेळ बंद केला, पत्त्याच्या पट्टीत दोन टक्केचिन्हांच्या मध्ये ‘अ‍ॅपडेटा’ असे इंग्रजीत लिहिले आणि थेट ‘रोमिंग’मध्ये उतरलो. तिच्या शेतकऱ्याचे नाव आणि पुढे एक लांब आकडा, असा फोल्डर होता. आत शेताची मोठी फाइल, ‘सेव्हगेमइन्फो’ नावाची छोटी फाइल, आणि आदल्या दिवसाच्या जुन्या प्रती. एकच फाइल उचलून चालत नाही; अख्खा फोल्डर घ्यावा लागतो. तो आम्ही तारीख घालून दोन जागी ठेवला. एक जागा घराबाहेरची. आपोआप जुळवून घेणाऱ्या दूरच्या साठ्यावर पूर्ण विसंबू नये, हेही तेव्हाच समजले. इकडे पुसले की तिकडेही पुसले जाऊ शकते. शेवटी नव्या संगणकावर फोल्डर ठेवून खेळ उघडून पाहिला. शके १५०६ मध्ये एकनाथांनी ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली, ती पाठ ताडून पाहून. नुसती नक्कल उतरवून ते थांबले नाहीत. उघडून न पाहिलेली प्रत ही प्रत नव्हे, एवढे तरी आपण त्यांच्याकडून घ्यावे.

मुलगा आता शिकायला बाहेरगावी असतो. सुट्टीत आला तेव्हा मी त्याच्याजवळ तो विषय काढला आणि राहून गेलेली क्षमा मागितली. त्याला सगळे आठवत होते. ओढा कुठे होता, फळझाडे किती होती, गोठा कुठे बांधला होता. मी विचारले, “पुन्हा का नाही सुरू केलंस?”

तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, “बाबा, शेत गेल्याचं तेवढं नव्हतं. तुम्ही मला एकदा विचारलं असतंत, तर बरं झालं असतं.”

थोरला मळा विकतानाही मी त्याला विचारले नव्हते. तेव्हा तो नऊ वर्षांचा होता. विचारून व्यवहार काही बदलला नसता. पण निदान एकदा त्याला बरोबर घेऊन मी बांधावरून फिरलो असतो.