कारण कोणी द्यायचं?

१८९८च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ३६७व्या कलमाचं पाचवं पोटकलम न्यायाधीशांना एक सूचना देत असे. ज्या गुन्ह्याला फाशी होऊ शकते अशा गुन्ह्यात आरोपी दोषी ठरला आणि तुम्ही त्याला फाशी दिली नाही, तर का दिली नाही हे निकालपत्रात लिहा. फाशी दिली तर असा खुलासा मागणारं कलम नव्हतं. खुनाला दंडसंहितेनं दोन शिक्षा ठेवल्या होत्या, फाशी किंवा काळं पाणी. पण त्यातली पहिली रुळलेली वाट होती आणि दुसरीकडे वळणाऱ्या न्यायाधीशाला जाब द्यावा लागे.

आज कायदा नेमका उलटा आहे. फाशी देणाऱ्यानं विशेष कारणं लिहायची. मृत्युदंड असावा की नसावा हा वाद आपल्याकडे प्रत्येक भीषण गुन्ह्यानंतर नव्यानं पेटतो आणि दोन महिन्यांत विझतो. त्यातून कोणाचं मत बदललेलं मी पाहिलेलं नाही. कायद्याच्या पुस्तकात मात्र गेल्या शंभर-सव्वाशे वर्षांत बरंच काही हललं, आणि ते या दुसऱ्याच, वरवर किरकोळ वाटणाऱ्या प्रश्नावर हललं. कारण कोणी द्यायचं?

युरोपात हा प्रश्न १७६४ साली इटलीच्या चेझारे बेक्कारियानं छेडला. राज्याला माणूस मारण्याचा अधिकार मुळात दिला कोणी, असं त्यानं विचारलं, आणि शिक्षेच्या क्रौर्यापेक्षा तिच्या खात्रीची जरब जास्त असते असं सांगितलं. बावीस वर्षांत टस्कनीच्या राज्यकर्त्यानं फाशी रद्द केली. पोर्तुगालनं नागरी गुन्ह्यांसाठीची फाशी १८६७ साली रद्द केली आणि १८७० मध्ये तो निर्णय वसाहतींना लागू केला. त्यामुळे एक विचित्र गोष्ट घडली. बेळगावात खुनाला फाशी होती आणि फोंड्यात नव्हती. १९६१ साली गोवा मुक्त झाला, पुढे भारतीय दंडसंहिता तिथे लागू झाली आणि तिच्याबरोबर फाशीही आली. सालाझारच्या राजवटीचं कौतुक करावं असं यात काही नाही. १९५५ साली सीमेवर गोळ्या खाऊन पडलेल्या सत्याग्रहींना त्या कायद्याच्या पुस्तकाचा काय उपयोग होता? पण मुक्त झालेल्या प्रदेशाला कायद्यातली एक सवलत गमवावी लागली, हे आपल्या इतिहासात फारसं कोणी नोंदवत नाही.

ब्रिटिश हिंदुस्थानात हा विषय तापला तो १९३१ साली. २३ मार्चला भगतसिंग, राजगुरू आणि सुखदेव यांना फाशी झाली आणि त्याच आठवड्यात कराचीत काँग्रेसचं अधिवेशन भरलं. मूलभूत हक्कांचा जो ठराव तिथे झाला आणि ऑगस्टमध्ये मुंबईत महासमितीनं ज्याला अंतिम रूप दिलं, त्यात स्वतंत्र भारतात देहान्ताची शिक्षा असणार नाही असं स्पष्ट कलम होतं. ठरावाचा मसुदा नेहरूंचा, अधिवेशनाचे अध्यक्ष वल्लभभाई. अठरा वर्षांनी, १५ नोव्हेंबर १९४९ रोजी, अंबाल्याच्या तुरुंगात नथुराम गोडसे आणि नारायण आपटे यांना फाशी झाली तेव्हा यांतले एक पंतप्रधान होते आणि दुसरे गृहमंत्री. मारेकऱ्यांचा जीव वाचवा अशी विनंती करणाऱ्यांत गांधींचे पुत्र मणिलाल आणि रामदास होते. ती मान्य झाली नाही. तेव्हाच्या वातावरणात ती मान्य होणं शक्य होतं असं मलाही वाटत नाही. तरीही, परक्याच्या हातातला दोर आणि आपल्या हातातला दोर यांत आपण किती पटकन फरक करायला शिकलो, हे त्या अठरा वर्षांत दिसतं.

घटना समितीपुढे हा प्रश्न दोनदा आला. १९४८च्या नोव्हेंबरात झेड. एच. लारी यांनी हिंसक राजद्रोह वगळता फाशी रद्द करावी अशी दुरुस्ती मांडली. माणसाचा निवाडा चुकू शकतो आणि ही शिक्षा मागे घेता येत नाही, हा त्यांचा मुख्य मुद्दा. दुरुस्ती फेटाळली गेली. पुढच्या जूनमध्ये, फाशीच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयाकडे अपिलाचा हक्क असावा का यावर चर्चा चालू असताना, आंबेडकरांनी मध्येच एक वेगळी वाट दाखवली. अपिलाची तरतूद करत बसण्यापेक्षा ती शिक्षाच काढून टाकणं मला जास्त पटेल, असा त्यांचा सूर होता. हा देश अहिंसा मानतो. लोक ती नेहमी पाळत नसतील, पण नैतिक आदेश म्हणून तरी मानतात, असं त्यांचं म्हणणं. आंबेडकर हे काही भाबडेपणानं बोलणारे गृहस्थ नव्हते. पण समिती पुढच्या कलमाकडे गेली आणि हा प्रश्न संसदेच्या दारात राहिला.

संसदेनं तो सोडवला नाही, थोडा सरकवला. १९५५च्या दुरुस्तीनं फाशी न देण्याची कारणं लिहिण्याची सक्ती काढून टाकली. त्याच कायद्यानं काळं पाणी जाऊन जन्मठेप आली. १ जानेवारी १९५६ पासून दोन्ही शिक्षा कागदावर बरोबरीला आल्या. १९६७ साली कायदा आयोगानं पस्तिसाव्या अहवालात, देशाचा आकार, विविधता, शिक्षणाची पातळी आणि सुव्यवस्थेची गरज पाहता फाशी ठेवावी असा कौल दिला. आणि तरीही १९७३च्या नव्या प्रक्रिया संहितेत ३५४ (३) हे कलम आलं: फाशी दिली तर विशेष कारणं द्या. काटा पूर्ण फिरला. त्यासाठी मोर्चे निघाले नव्हते, कोणी उपोषणाला बसलं नव्हतं. आपल्याकडे मृत्युदंडाविषयीची सर्वांत मोठी सुधारणा अशी कलम-पोटकलमांच्या रुक्ष भाषेत, जवळजवळ चोरपावलांनी आली. लोकांना विचारून आली असती तर आली असती का, ही शंका मला आहे, आणि तिचं उत्तर मला आवडत नाही.

मग ‘विशेष’ म्हणजे काय, हे न्यायालयानं ठरवायचं होतं. १९७९ साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ते फार अरुंद केलं: गुन्हा भयंकर असणं पुरेसं नाही, तो माणूस जिवंत राहणं समाजाच्या सुरक्षिततेलाच धोका असलं पाहिजे. हे सहकाऱ्यांना पचलं नाही आणि प्रकरण पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाकडे गेलं. ९ मे १९८० रोजी बच्चनसिंग खटल्याचा निकाल लागला. चार विरुद्ध एक अशा मतांनी फाशी घटनेत बसते असं ठरलं. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड बहुमतात होते, निकालपत्र न्यायमूर्ती सरकारिया यांचं. त्यातून ‘दुर्मिळातल्या दुर्मिळ’ प्रकरणाची कसोटी आली, जी आता वर्तमानपत्रांच्या मथळ्यांत गुळगुळीत झाली आहे. लोकांच्या लक्षात तेवढेच शब्द राहिले. त्या वाक्याचा पुढचा भाग राहिला नाही: दुसरा पर्याय निर्विवादपणे बंद झाला असेल तरच. आणि हेही निसटलं की आरोपी सुधारण्यापलीकडे गेला आहे, तो पुन्हा हिंसा करत राहील, हे पुराव्यानिशी सिद्ध करायची जबाबदारी त्या निकालानं सरकारवर टाकली होती. म्हणजे न्यायाधीशाबरोबर सरकारनंही कारण द्यायचं होतं. हा निकाल तंतोतंत पाळला असता तर पुढच्या चाळीस वर्षांत फाश्या हाताच्या बोटांवर मोजता आल्या असत्या.

एकटे पडले न्यायमूर्ती भगवती. त्यांचं सविस्तर मत १९८२च्या ऑगस्टमध्ये आलं, निकालानंतर दोन वर्षांहून उशिरा. फाशी मिळणार की नाही हे खटला कोणत्या न्यायमूर्तींपुढे येतो यावर ठरतं, आणि ती बहुतेक गरिबाच्याच वाट्याला येते, असं त्यांनी लिहिलं. ही अतिशयोक्ती नव्हती. त्याच सुमारास उत्तर प्रदेशातलं एक प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आलं होतं. एकाच गुन्ह्यात, सारख्याच सहभागासाठी तिघांना फाशी झाली होती. तिघांचे अर्ज वेगवेगळ्या वेळी वेगवेगळ्या पीठांपुढे गेले. एकाची शिक्षा जन्मठेपेवर आली. दुसऱ्याला १९८१च्या ऑक्टोबरात फाशी झाली. तिसऱ्याची फाशी ऐन वेळी थांबली म्हणून हा घोळ उजेडात तरी आला.

१९८३ साली मच्छीसिंग खटल्यात तीन न्यायमूर्तींनी कसोटी समजावून सांगण्यासाठी गुन्ह्यांचे पाच प्रकार पाडले, आणि समाजाच्या सामूहिक सदसद्विवेकाला असा धक्का बसला की समाज न्यायालयाकडून फाशीचीच अपेक्षा करील, अशी एक कल्पना आणली. माझ्या मते सगळा घोटाळा इथे झाला. कारण देण्याचा बोजा सरकारच्या खांद्यावरून अलगद उतरला आणि समाज नावाच्या अशा कोणावर तरी पडला, ज्याला साक्षीला बोलावता येत नाही, ज्याची उलटतपासणी होत नाही. १९९५ साली तर दोघा न्यायमूर्तींच्या पीठानं राजस्थानातल्या एका खटल्यात, शिक्षा ठरवताना पाहायचा तो गुन्हा, गुन्हेगार नव्हे, असंच म्हटलं. बच्चनसिंगनं दोन्ही पाहायला सांगितलं होतं. तरी पुढची तेरा वर्षं हा निकाल आधार म्हणून वापरला गेला. मे २००९ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात न्यायमूर्ती सिन्हा यांच्या पीठानं तो चुकीचा ठरवला. तोवर राजस्थानच्या त्या खटल्यातल्या आरोपीला फाशी होऊन गेली होती. २०१२ साली चौदा निवृत्त न्यायमूर्तींनी राष्ट्रपतींना पत्रं लिहून कळवलं की या चुकीच्या आधारावर दोघांना आधीच फासावर चढवलं आहे, निदान उरलेल्या तेरा जणांना वाचवा.

मग मारल्या गेलेल्या माणसाचं काय? हा प्रश्न टाळून मृत्युदंडाविरुद्ध लिहिणं सोपं आहे आणि थोडं अप्रामाणिकही. जरब बसते हा युक्तिवाद मला कधीच फार पटला नाही. २०१५ साली न्यायमूर्ती ए. पी. शहा यांच्या कायदा आयोगालाही जन्मठेपेपेक्षा फाशीची जरब जास्त असल्याचा पुरावा सापडला नाही. पण काही कृत्यांनंतर करणाऱ्यानं जगण्याचा हक्कच गमावला असं वाटणं, ही भावना खरी आहे. २१ नोव्हेंबर २०१२ रोजी येरवड्यात कसाबला फाशी झाल्याची बातमी ऐकून मला दुःख झालं असं म्हटलं तर ते खोटं ठरेल. शहा आयोगानंही दहशतवाद वगळूनच बाकी फाशी रद्द करायची शिफारस केली. अहवालातले युक्तिवाद मात्र असा अपवाद कुठेच मागत नाहीत; तो पदरात काय पडेल याचा हिशेब करून ठेवलेला वाटतो.

महाराष्ट्रानं तर एका महिन्यात दोन्ही टोकं दाखवली. शक्ती मिल सामूहिक बलात्कार प्रकरणातल्या तिघांची फाशी मुंबई उच्च न्यायालयानं २५ नोव्हेंबर २०२१ रोजी जन्मठेपेवर आणली. जनक्षोभावर शिक्षा ठरत नाही, आणि मरणानं पश्चात्तापाची शक्यताच संपते, असं न्यायालयाचं म्हणणं होतं. डिसेंबरात विधिमंडळानं बलात्काराला फाशीची तरतूद करणारं विधेयक मंजूर केलं. त्याचं नावही शक्ती. राष्ट्रपतींची संमती त्याला मिळाली नाही. पण सभागृहात त्याची बाजू घेणं किती सोपं होतं आणि त्याविरुद्ध उभं राहणं किती अवघड, याचा अंदाज कोणालाही यावा.

दिल्लीच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठानं २०१६ साली फाशीच्या कैद्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांतले सुमारे ७४ टक्के आर्थिकदृष्ट्या दुर्बल होते. खालच्या न्यायालयांनी पंधरा वर्षांत दिलेल्या फाशीच्या शिक्षांपैकी शेवटपर्यंत टिकल्या त्या जेमतेम ५ टक्के, आणि सुमारे ३० टक्के प्रकरणांत तर माणूस निर्दोष सुटला. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की शिक्षा ठरवण्याआधी आरोपीचं बालपण, घरची स्थिती, मानसिक आरोग्य, तुरुंगातलं वागणं यांचे अहवाल मागवा. बेचाळीस वर्षांनी बच्चनसिंगची आठवण झाली म्हणायची. त्याच वर्षी लळित सरन्यायाधीश असताना हा विषय नियमबद्ध करण्यासाठी घटनापीठाकडे सोपवला गेला. दरम्यान जुलै २०२४ पासून नव्या फौजदारी संहिता आल्या. त्यांनी ‘विशेष कारणं’ तशीच ठेवली आणि फाशीची कलमं वाढवली.

२००३ सालच्या एका दरोड्यात पाच जणांचा खून आणि बलात्कार झाला होता. भटक्या जमातीतल्या सहा गरीब मजुरांना २००६ साली नाशिकच्या सत्र न्यायालयानं फाशी सुनावली. उच्च न्यायालयानं तिघांची शिक्षा जन्मठेपेवर आणली. सर्वोच्च न्यायालयानं ३० एप्रिल २००९ रोजी सहाही जणांना पुन्हा फाशी दिली. त्यातला एक जण गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता, हे नंतर कळलं. मार्च २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंच सहाही जणांना निर्दोष सोडलं. वाचलेल्या स्त्रीनं घटनेनंतर लगेच पोलिसांकडच्या फोटोंमधून वेगळ्याच चौघांना ओळखलं होतं. त्या चौघांचा तपास झालाच नव्हता. सोळा वर्षांच्या बदल्यात प्रत्येकाला पाच लाख रुपये द्यायला सरकारला सांगण्यात आलं. २००९च्या त्या निकालपत्रात फाशीची विशेष कारणं लिहिलेली आहेत. त्यांना १९९५च्या राजस्थानच्या निकालाचा आधार आहे. तो निकाल चुकीचा ठरला १३ मे रोजी, दोन आठवड्यांच्या आत.