हुरडा आणि मगरिब

गेल्या जानेवारीत गिरणाऱ्याकडच्या एका मळ्यात आमची हुरडा पार्टी होती. पंधरा-वीस माणसं, पेटलेली आगटी, भाजलेली कणसं पोत्यावर चोळून देणारे दोन गडी, सोबत दही, गूळ आणि लसणाची चटणी. माझे एक जुने सहकारी, जुन्या नाशकात चौक मंडईजवळ राहणारे, पावणेसहापासून सारखे घड्याळाकडे बघत होते. मला वाटलं, कंटाळले. सव्वासहाच्या सुमारास ते हळूच माझ्या बायकोला म्हणाले, "वहिनी, एखादी धुतलेली चादर मिळेल का?"

चादर नव्हती. गाडीतला टॉवेल होता, पण त्याला मुलांनी गुळाचे हात पुसले होते. मोटर बंद, त्यामुळे वजूला, म्हणजे नमाजआधी हात-तोंड-पाय धुवायला, प्यायच्या जारमधलं पाणी घ्यावं लागलं, तेही त्यांनी संकोचाने अर्धा तांब्याच घेतलं. शेवटी गोठ्यामागे स्वतःचा मोठा रुमाल अंथरून ते उभे राहिले, आणि नेमक्या त्याच वेळी इकडे कुणीतरी ओरडलं, "चला, ग्रुप फोटो!" त्या फोटोत ते नाहीत.

कुणी काही वाईट वागलं नव्हतं. पण चार तासांच्या कार्यक्रमात आपल्या एका पाहुण्याला दहा मिनिटांसाठी ओशाळं व्हावं लागेल, हे यजमानाच्या, म्हणजे माझ्या, डोक्यातच आलं नव्हतं.

खरं तर वेळेच्या बाबतीत आपण मराठी माणसं भलतीच काटेकोर. लग्नपत्रिकेत मुहूर्त १२ वाजून ३७ मिनिटांचा असतो, साडेबाराचा नव्हे. संकष्टीचा उपास असलेली मावशी जेवायला येणार म्हटल्यावर यजमानीण कॅलेंडरात चंद्रोदय बघते, तिच्यापुरती साबुदाण्याची खिचडी वेगळी काढते आणि चंद्र उगवेपर्यंत तिचं ताट झाकून ठेवते. त्यासाठी यजमानिणीची गणपतीवर श्रद्धा असावी लागत नाही. गोरज मुहूर्ताचं लग्न तर सूर्यास्तालाच धरलेलं असतं. गोरज, दिवेलागण आणि मगरिब ही जवळपास एकाच घटकेची नावं. म्हणजे ही वेळ आपल्याला परकी नाही, फक्त ती आणखी कुणाची तरी आहे हे लक्षात राहत नाही.

पाच नमाज म्हटलं की यजमानाला धडकी भरते. पण फजर पहाटेची, तिचा पार्टीशी संबंध नाही. दुपारची जोहर आणि रात्रीची इशा यांना पुष्कळ मोकळीक असते, जेवणाआधी किंवा घरी गेल्यावर पढता येतात. शुक्रवारी मात्र दुपारची जुम्याची नमाज मशिदीत जमातीने, म्हणजे एकत्रच व्हायची, म्हणून शुक्रवारी एक वाजता ऑफिसचं जेवण ठेवणं म्हणजे काही जणांना न बोलावल्यासारखंच. (मालेगावात यंत्रमागांची सुटीच शुक्रवारी असते, तिथे हा प्रश्न उद्भवत नाही.) तिसऱ्या प्रहरच्या असरचं थोडं गुंतागुंतीचं आहे. कोकणी मुसलमान शाफई परंपरेचे, त्यांची असर लवकर सुरू होते. हनफी परंपरेच्या मुसलमानांची त्यानंतर जवळजवळ तासाभराने. एकाच टेबलावरचे दोन मित्र वेगवेगळ्या वेळी उठले तर गोंधळू नये. खरी अडचण मगरिबची. ती सूर्य बुडताच सुरू होते आणि पश्चिमेची लाली गेली की संपते, शिवाय ती लांबवणं बरं मानत नाहीत. नाशकात डिसेंबरच्या सुरुवातीला सूर्य सहाच्या आतच मावळतो, जूनअखेरीला सव्वासातला. आपला केक, भाषणं, अक्षता, फोटो, सगळं नेमकं याच वेळात येतं.

लागतं किती? स्वच्छ पाणी, स्वच्छ कापड, पुढून कुणी आडवं जाणार नाही असा कोपरा, दहा मिनिटं. दिशा नाशकातून पश्चिम, किंचित उत्तरेकडे झुकती. मळ्यात ती विचारावीही लागत नाही. द्राक्षांच्या या गावात पार्टीत वाइनही असते. तेव्हा तो कोपरा बारच्या टेबलाशेजारी नसावा, एवढं तरी पाहावं.

"घरगुती कार्यक्रमात धर्म कशाला आणायचा?" असं माझा एक विवेकवादी मित्र विचारतो. हमीद दलवाईंनी १९७० मध्ये मुस्लिम सत्यशोधक मंडळ काढलं त्या परंपरेचा मला आदर आहे, आणि नमाज न पढणारे मुसलमान मित्रही मला आहेत. त्यांना वजूचं पाणी पुढे करणं हा आगाऊपणाच. पण केक वीस मिनिटं पुढे ढकलणं म्हणजे धर्माला मान्यता देणं नव्हे. दुसऱ्या एखाद्या मित्राच्या आईसाठी हाच मित्र कांदा-लसूण नसलेली भाजी करवून घेतो, तेव्हा त्याचा विवेक दुखत नाही.

मला भीती वाटते ती दुसऱ्या टोकाची. टोप्या घालून इफ्तारचे फोटो काढणारे पुढारी आपण पाहिलेत. माइकवरून "आता आपले मुस्लिम बांधव नमाज अदा करतील" अशी घोषणा झाली, तर पाहुणा पाहुणा राहत नाही, देखावा होतो. वेळ मोकळी सोडावी आणि गप्प बसावं.

आणि वेळ सोडणं एकतर्फी आहे असंही कुणी समजू नये. २९ जून २०२३ ला आषाढी एकादशी आणि बकरी ईद एकाच दिवशी आली, तेव्हा राज्यातल्या अनेक गावांत मुसलमानांनी त्या दिवशी कुर्बानी न करण्याचं ठरवलं. त्याच वर्षी २८ सप्टेंबरला अनंत चतुर्दशी आणि ईद-ए-मिलाद एकत्र आले. विसर्जनाच्या गर्दीत अडचण नको म्हणून मुंबईतला जुलूस दुसऱ्या दिवशी काढायचं ठरलं आणि सरकारनेही ईदची सुटी २९ ला नेली. अख्खा जुलूस एक दिवस सरकवणाऱ्यांच्या शेजारी राहून आपल्याला ग्रुप फोटो सरकवता येत नाही, याची मला त्या मळ्यात लाज वाटली.

यंदाचा निरोप मीच लिहिला. आगटी चार वाजता पेटेल, सहा ते पावणेसात चहा आणि फेरफटका, फोटो त्यानंतर. नमाजचा शब्दही त्यात नाही. सहकाऱ्यांचं उत्तर लगेच आलं: "चादर मी आणतो. वहिनींना सांगा, चिंता नको." पाण्याचं तेवढं राहिलं होतं. मळेवाल्याला फोन केला तर म्हणाला, या आठवड्यात थ्री फेज लाइट पाचपर्यंतच आहे. एक ड्रम आधीच भरून ठेवायला सांगितलाय.